अपडेटची बेगमी

मे महिना म्हणजे आंबे-फणसांचा, सुट्टीचा, पाहुण्यारावळ्यांचा. पण आमच्या किनाऱ्यावरच्या घरातल्या बाईला विचाराल, तर तो अगोटीचा महिना. मृगाचा पाऊस कोसळायच्या आत चार महिन्यांचं सगळं घरात यायला हवं. सुके बोंबील, सोडे, सुकट डब्यात भरायची, आमसुलं बरणीत घालायची, मसाला कुटून ठेवायचा, पापड-मिरगुंडं वाळवायची, लाकूडफाटा पडवीत रचायचा. पुढे समुद्र खवळला, होड्या किनाऱ्याला लागल्या, दरड कोसळून रस्ता बंद झाला, तरी घरातली चूल बंद पडता कामा नये. याला आपण बेगमी म्हणतो. अलिबागपासून श्रीवर्धनपर्यंत कुठल्याही घरातल्या बाईला हे शिकवावं लागत नाही.

मैत्रिणींनो, आज मला बेगमीबद्दलच लिहायचं आहे. पण ज्या वस्तूच्या बेगमीबद्दल लिहिणार आहे तिचा अगोटीशी काही संबंध असेल असं तुम्हाला स्वप्नातही वाटणार नाही. ती वस्तू म्हणजे मुलांचं टीव्हीला जोडायचं व्हिडिओ गेमचं मशीन. मुलं त्याला 'कन्सोल' म्हणतात.

लगेच नाक मुरडू नका. "त्या डबड्यापायी पोरं अभ्यास करत नाहीत आणि ही बाई त्याची कौतुकं काय सांगते," असं मनात आलं असेल, तर तेही बरोबरच आहे. त्याचं उत्तर मी पुढे देणार आहे. आधी हे मशीन आपल्या घरात येतं कसं ते पाहू.

नवं कोरं मशीन घ्यायचं तर चाळीस-पन्नास हजारांच्या घरात जातं. आपल्याकडे एवढे पैसे खेळण्यात घालणारे किती? म्हणून आपल्या घरात येतं ते जुनं. मुंबईच्या काकाच्या मुलाने नवं घेतलं की त्याचं जुनं गावाला येतं. चाकरमानी गणपतीला येताना जसा जुना फ्रिज, जुना टेबलफॅन, लहान झालेले शर्ट घेऊन येतो, तसंच हेही. यात कमीपणा काही नाही. एका घरात संपलेली वस्तू दुसऱ्या घरात पुन्हा जगते, हा आपला जुनाच संसारी शहाणपणा आहे.

पूर्वी या शहाणपणाला अडथळा नव्हता. नव्वदच्या दशकातली ती कॅसेटवाली मशीनं आठवतात? मारिओ, काँट्रा... कॅसेट लागली नाही की मुलं तिच्यात फुंकर मारायची, पुन्हा खोचायची आणि खेळ सुरू. पुढे डिस्कवाली मशीनं आली. सोनी कंपनीचं प्लेस्टेशन 2 हे मशीन 2000 साली जपानात आलं आणि जगभरात 15 कोटींहून जास्त खपलं. आपल्या देशात तर त्याच्यासाठी खास देशी खेळही निघाले. 2009 साली हनुमानावरचा एक खेळ आला, त्याच वर्षी 'देसी अड्डा' नावाचा आला आणि त्यात चक्क कबड्डी नि विटीदांडू होते. डिस्क घातली की खेळ सुरू. इंटरनेट नको, कंपनीची परवानगी नको. जे विकत घेतलं ते पूर्ण होतं. आजही एखाद्या घरी ते मशीन धड असेल आणि डिस्कवर ओरखडे नसतील, तर भाच्याला बसवून खेळायला लावता येईल.

त्यानंतरच्या मशीनचं मात्र तसं नाही. डिस्क घातली की पडद्यावर इंग्रजीत पाटी येते. अपडेट करा. अपडेट म्हणजे काय, तर खेळ विकल्यानंतर कंपनीने केलेली दुरुस्ती. कुठे खेळ मध्येच अडकत होता तो सुधारला, कुठे चूक होती ती काढली, काही नवं घातलं. ही दुरुस्ती इंटरनेटवरून यायची. दुरुस्ती होते ही चांगलीच गोष्ट, त्याला कोण नाही म्हणेल? पण दुरुस्ती नंतर पाठवता येते म्हटल्यावर माल अर्धाकच्चा विकायची सवयही लागते. शिंप्याने उसवलेल्या शिवणीचा ब्लाउज हातात ठेवावा आणि म्हणावं, "वहिनी, आज घेऊन जा, टीप नंतर मारून देतो." आपण ऐकून घेऊ का?

याचं मोठं उदाहरण डिसेंबर 2020 मधलं. पोलंड देशातल्या एका कंपनीचा 'सायबरपंक 2077' हा खेळ जगभर वाजतगाजत आला. नव्या मशीनवर त्यातल्या त्यात बरा चालला, पण प्लेस्टेशन 4 सारख्या त्या वेळच्या जुन्या मशीनवर इतका अडखळू लागला, की आठवडाभरात सोनीने तो आपल्या ऑनलाइन दुकानातून काढून टाकला आणि गिऱ्हाइकांना पैसे परत द्यायची तयारी दाखवली. जून 2021 मध्ये, बरीच दुरुस्ती झाल्यावर, तो पुन्हा दुकानात आला. या खेळाची अगदी पहिल्या दिवसाची दुरुस्तीच सुमारे 43 जीबीची होती.

आता जरा हिशेब करू. घरखर्चाचा हिशेब आपण रोजच करतो, हा काही वेगळा नाही. आपल्याकडे बहुतेक घरांत वेगळं इंटरनेट नाही, मोबाइलचंच नेट. रोजचा दीड जीबी मिळतो असं धरलं, तर 43 जीबीला 29 दिवस. तेही घरातल्या कुणी एकही व्हिडिओ पाहायचा नाही, मुलीने अभ्यासाचं काही उघडायचं नाही, आपण बहिणीला व्हिडिओ कॉल लावायचा नाही तेव्हा. म्हणजे एक अख्खं रिचार्ज एका दुरुस्तीला. आणि हे रेंज असेल तेव्हा. आमच्याकडे रेंज म्हणजे पाहुणीसारखी. कुठे गच्चीवर येते, कुठे जेट्टीच्या टोकाला, कुठे शेजारणीच्या मागच्या परसात. टीव्ही असतो माजघरात आणि रेंज असते परसात!

कुणी म्हणेल, आता गावोगाव टॉवर झाले, हे दिवस संपतील. संपोत बापडे. पण 3 जून 2020 ही तारीख आमच्या भागातली बाई विसरलेली नाही. त्या दुपारी निसर्ग चक्रीवादळ आपल्याच किनाऱ्यावर धडकलं. कौलं उडाली, पत्रे उडाले, श्रीवर्धनकडच्या सुपारीच्या वाड्या आडव्या झाल्या, पिढ्यान् पिढ्यांच्या नारळीपोफळी मुळासकट गेल्या. विजेचे खांब पडले ते पडले, कित्येक गावांत वीज यायला आठवड्यामागून आठवडे गेले. मोबाइल मुका झाला. नेमकी तेव्हाच करोनामुळे शाळा बंद होती, आणि शिक्षण 'ऑनलाइन' झालं आहे असं सगळीकडे सांगितलं जात होतं. ज्या गोष्टी इंटरनेटच्या दोरीला बांधलेल्या होत्या त्या सगळ्या एका दिवसात थांबल्या. ज्या घरात होत्या, डब्यात होत्या, हातात होत्या, त्याच उपयोगी पडल्या. पुस्तक उपयोगी पडलं, पाटी उपयोगी पडली, सोडे-सुकट उपयोगी पडली. बेगमीचा अर्थ त्या महिन्यात आम्हाला नव्याने कळला.

आता एका मुलाबद्दल सांगते. नाव-गाव सांगत नाही. बचत गटाच्या कामासाठी मी ज्या गावांत जाते त्यातल्या एका गावात तो राहतो. त्याला स्नायूंचा आजार आहे. पायातलं बळ गेलं, हात अजून चालतात. त्याची आई मासळी विकते. पहाटे पाटी घेऊन निघते, दुपारी परतते. तोवर हा आजीबरोबर घरात. अंगणात पोरं क्रिकेट खेळतात ते हा खिडकीतून बघायचा. एका गणपतीला मामाने आपल्या मुलाचं जुनं मशीन आणलं, बरोबर क्रिकेटच्या खेळाची डिस्क. त्या दिवसापासून हा मुलगा कर्णधार झाला! त्याच्या माजघरात त्याचं मैदान आलं. अंगणातली पोरं उन्हातून आत येऊन त्याच्या शेजारी बसायला लागली, "आता माझी बॅटिंग" म्हणून भांडायला लागली. भांडायला कुणीतरी मिळणं म्हणजे काय, ते वर्षानुवर्षं एकट्या बसलेल्या मुलाच्या आईला विचारा.

पण त्या डिस्कमध्ये चूक होती. सामना रंगात आला की चित्र थिजायचं. पुढे काही नाही, बंद करून पुन्हा पहिल्यापासून. त्याच्या आईने मला विचारलं, "ताई, टीवीवर इंग्लिशमंदी काय लिवून येतंय? पोराचा जीव रडकुंडीला येतो." मी वाचून सांगितलं, दुरुस्ती आहे, पण इंटरनेटवरून घ्यायला लागेल, साडेसहा जीबी. त्या माउलीने दोनदा जादा रिचार्ज मारलं. मोबाइल खिडकीच्या गजाला बांधून ठेवला. थोडं उतरायचं, रेंज जायची, पुन्हा थोडं उतरायचं. वीज गेली की सगळंच थांबायचं. शेवटी पैसेही संपले आणि धीरही.

मग काय झालं? पुढच्या गणपतीला मामा आला. सात दिवसांच्या गौरी-गणपतीचं विसर्जन झाल्यावर परतताना त्याने ते अख्खं मशीन गोधडीत गुंडाळून मुंबईला नेलं. त्याच्या घरच्या वाय-फायला लावलं. एका रात्रीत दुरुस्ती झाली. एका रात्रीत! पण मशीन परत आलं ते दिवाळीला, कारण मधे गावाकडे येणारं कुणी नव्हतं. दीड-दोन महिने त्या माजघरात पुन्हा कुणी भांडायला आलं नाही.

माझं म्हणणं सगळं या एका गोष्टीत आहे. साडेसहा जीबी म्हणजे नखाएवढ्या पेनड्राइव्हमध्ये मावणारी वस्तू. ती मामाने खिशात घालून आणली असती. मांडव्याच्या बोटीने येणाऱ्या कुणाच्याही पर्समध्ये आली असती. एसटीच्या कंडक्टरने, "ताई, तुमचं पाकीट" म्हणून स्टँडवर हातात दिली असती. आपल्याकडे औषधं, चाव्या, कागदपत्रं, लग्नाच्या पत्रिका अशाच तर पोचतात! पण त्या मशीनच्या कंपनीने खेळाची दुरुस्ती पेनड्राइव्हवरून घ्यायची सोयच ठेवलेली नव्हती. म्हणून पाव तोळ्याच्या वस्तूऐवजी चार किलोच्या मशीनला मुंबईची वारी करावी लागली.

आणि हे अशक्य आहे म्हणावं, तर तसंही नाही. इथे एक फरक लक्षात घ्यायला हवा. अपडेट दोन प्रकारची असतात. एक मशीनचं स्वतःचं, म्हणजे मशीन ज्याच्यावर चालतं त्या मूळ व्यवस्थेचं. दुसरं त्या-त्या खेळाचं. पहिल्या प्रकारचं अपडेट इंटरनेटशिवाय करायची सोय याच कंपन्या गेली कित्येक वर्षं देत आल्या आहेत. प्लेस्टेशन 3 आणि 4 साठी सोनी आपल्या वेबसाइटवर फाईल ठेवते. मायक्रोसॉफ्टनेही एक्सबॉक्ससाठी तशी सोय केलेली आहे. एवढंच काय, प्लेस्टेशन 3 च्या खेळांच्या डिस्कमध्येच मशीनचं लागणारं अपडेट भरून दिलेलं असायचं. खेळाची डिस्क घ्या, बरोबर अपडेटही घ्या. किती साधं, किती सोपं!

हे काम कसं करायचं तेही सांगते, कारण ते आपल्यालाही जमण्यासारखं आहे. गावातलं एखादं कॉम्प्युटर क्लासचं केंद्र, महा ई-सेवा केंद्र किंवा कॉलेजात जाणारी भाची, कुणाकडेही चांगलं नेट असलेला संगणक असला की झालं. प्लेस्टेशन 4 चं उदाहरण घेऊ. रिकामा पेनड्राइव्ह घ्यायचा आणि तो 'फॅट32' किंवा 'एक्सफॅट' पद्धतीने फॉरमॅट करायचा. फॉरमॅट म्हणजे पाटी पुसणं. आतलं सगळं जातं, म्हणून नणंदेच्या लग्नाचे फोटो असलेला पेनड्राइव्ह या कामाला घेऊ नका! मग त्यात 'पीएस4' नावाचं फोल्डर करायचं, त्याच्या आत 'अपडेट' नावाचं. दोन्ही नावं इंग्रजी मोठ्या अक्षरांत. कंपनीच्या स्वतःच्या वेबसाइटवरून फाईल उतरवून त्या आतल्या फोल्डरमध्ये ठेवायची, नाव बदलायचं नाही. घरी येऊन पेनड्राइव्ह मशीनला लावायचा आणि यूएसबीवरून अपडेट करायचा पर्याय निवडायचा. प्लेस्टेशन 3 ला असंच, फक्त फोल्डरचं नाव 'पीएस3' आणि पेनड्राइव्ह 'फॅट32'च हवा. अपडेट चालू असताना वीज जाणार नाही अशी वेळ निवडा, आमच्याकडे ते सगळ्यात कठीण.

एक धोका मात्र लक्षात ठेवा. प्लेस्टेशन 4 साठी सोनीच्या वेबसाइटवर दोन फायली असतात. एक अपडेटची आणि एक सगळं पुसून पुन्हा पहिल्यापासून बसवण्याची. दुसरी घेतली तर मुलाने वर्षभर खेळून जमवलेलं सगळं जातं. आणि कुठल्या तरी भलत्याच जागेवरून 'फुकट अपडेट' कुणी देत असेल तर हात जोडा. ओळख नसलेल्या माणसाकडून आपण मसाला घेत नाही, फाईल कशाला घ्यायची?

खेळांच्या दुरुस्तीला मात्र अशी सरळ वाट नाही. तिथे थोडी आडवाट धरावी लागते. प्लेस्टेशन 4 ला 2017 पासून आणि एक्सबॉक्स वनलाही बाहेरून हार्ड डिस्क जोडता येते. मशीन कुणाबरोबर शहरात जाणारच असेल, तर तिथल्या नेटवर सगळे खेळ, सगळी अपडेट एकदम उतरवून घ्या. हीच खरी अगोट. जुन्या डिस्क विकत घेताना खेळाची नंतर निघालेली, सगळं भरलेली आवृत्ती मिळते का ते विचारा, तिच्यात बऱ्याचदा दुरुस्त्या आणि नवे भाग आधीच असतात. आणि मोबाइलचं नेट मशीनला जोडण्याआधी आपोआप डाउनलोड होण्याची सोय बंद करा, नाहीतर मुलगा झोपलेला असेल आणि मशीन तुमचं रिचार्ज खात बसेल.

आता सुरुवातीच्या त्या नाक मुरडण्याकडे येते. "बंद पडलं तर बरंच झालं, पोरगं पुस्तक तरी धरेल," असं म्हणणाऱ्या मैत्रिणी माझ्याही आहेत. मुलांनी किती वेळ खेळावं ते आईने ठरवावं, त्याला माझा पाठिंबाच आहे. माझ्या घरातही वेळ ठरलेली आहे. पण ते आईने ठरवावं! सातासमुद्रापलीकडच्या कंपनीने आणि न येणाऱ्या रेंजने ठरवू नये. आपण पैसे मोजून घेतलेली वस्तू कधी चालणार आणि कधी नाही, याची किल्ली दुसऱ्याच्या कमरेला का असावी?

आणि हा प्रश्न नुसत्या खेळण्याचा राहिलेला नाही. आपल्या अंगणवाडी सेविका आठवा. सरकारने त्यांना कामासाठी मोबाइल दिले. 2021 साली 'पोषण ट्रॅकर' हे नवं अॅप आलं. मोबाइलची ताकद कमी, अॅप जड, त्यात भाषा इंग्रजी. माहिती भरायची तरी कशी? त्या ऑगस्टमध्ये महाराष्ट्रभरातल्या सेविकांनी ते मोबाइल सरकारला परत करण्याचं आंदोलन केलं. जुनं यंत्र, नवं अपडेट आणि मधे अडकलेली बाई. त्या मासळी विकणाऱ्या आईचं दुखणं आणि या सेविकांचं दुखणं मला तरी एकाच जातीचं वाटतं. आज खेळाचं मशीन, काल मोबाइल, उद्या टीव्ही, परवा वॉशिंग मशीन. सगळ्यांना इंटरनेट जोडण्याची लाट आहेच. प्रत्येक वस्तूला अपडेट लागणार असेल, तर त्याची बेगमी करायची सोयही त्या वस्तूबरोबर यायला हवी.

शहरातल्या लोकांना वाटतं, हा खेड्यातल्यांचा रडगाणं गाण्याचा प्रकार आहे. पण जगभरातले गिऱ्हाईकही आता हेच बोलू लागले आहेत. 2021 च्या मार्चमध्ये सोनीने प्लेस्टेशन 3 चं ऑनलाइन दुकान बंद करायचं जाहीर केलं. लोकांनी इतका आरडाओरडा केला की एप्रिलमध्ये तो निर्णय मागे घ्यावा लागला. एक्सबॉक्स 360 चं दुकान मात्र 29 जुलै 2024 ला बंद झालंच. त्याच वर्षी 'द क्रू' नावाचा गाड्यांच्या शर्यतीचा खेळ कंपनीने आपले सर्व्हर बंद केल्यामुळे कायमचा थांबला. ज्यांच्या कपाटात पैसे देऊन घेतलेली डिस्क होती त्यांच्याही हातात शेवटी नुसती थाळी उरली. त्यावरून युरोपात 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम उभी राहिली आणि 10 लाखांहून जास्त लोकांनी सह्या केल्या. मागणी एवढीच, की विकलेला खेळ कंपनीने निघून जाताना चालता ठेवून जावा. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्यात 1 जानेवारी 2025 पासून कायदाच आला. ऑनलाइन खेळ किंवा सिनेमा विकताना तो तुमच्या मालकीचा होत नाही, नुसती वापरायची परवानगी मिळते, हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगावं लागतं.

कंपन्या म्हणतात, फायली अशा हातोहात फिरू दिल्या तर चोऱ्या होतील. चोरीची भीती खोटी नाही. पण मशीनच्या अपडेटची फाईल पेनड्राइव्हवरून देता येते, आणि ती खरी की बनावट हे मशीन स्वतः तपासून घेतं. मग खेळाच्या दुरुस्तीची फाईल तशीच का देता येऊ नये? संगणकावरच्या खेळांचं 'गॉग' नावाचं एक ऑनलाइन दुकान 2008 पासून खेळाची पूर्ण फाईल उतरवून घरी ठेवायला देत आलं आहे. एकदा उतरवली की इंटरनेट नको. आणि गंमत म्हणजे हे दुकान सुरू केलं ते त्या 'सायबरपंक'वाल्याच कंपनीच्या समूहाने! म्हणजे ज्यांना करायचं असतं त्यांना जमतं.

आपल्या देशातही या दिशेने पाऊल पडलं आहे. ग्राहक व्यवहार खात्याने जुलै 2022 मध्ये दुरुस्तीच्या हक्कावर समिती नेमली आणि 24 डिसेंबर 2022 ला, राष्ट्रीय ग्राहक दिनी, त्यासाठी पोर्टल सुरू केलं. वस्तू कशी दुरुस्त करायची, सुटे भाग कुठे मिळतात ही माहिती गिऱ्हाइकाला मिळावी, हा त्याचा हेतू. मिक्सर, पंप, ट्रॅक्टर यांच्या दुरुस्तीचा हक्क मिळावाच. पण माझं म्हणणं, अपडेट हीसुद्धा दुरुस्तीच आहे. मग ती इंटरनेट नसलेल्या घराला मिळण्याची सोय या हक्कात धरायला नको का? नाहीतर होतं काय, धडधाकट मशीन नुसत्या दुरुस्तीवाचून माळ्यावर जातं आणि माळ्यावरून भंगारात. 1 एप्रिल 2023 पासून लागू झालेल्या ई-कचऱ्याच्या नियमांत व्हिडिओ गेमही धरलेले आहेत. कचरा कसा उचलायचा याचे नियम केले, उत्तमच. पण चालणाऱ्या वस्तूचा कचरा होऊ नये, याची काळजी आधी घ्यायला नको का?

मोर्चा काढा असं मी म्हणत नाही. महाराष्ट्रातल्या ग्राहक चळवळीला बायकांनी वाणसामानाच्या पिशवीपासून बळ दिलं आहे. 1975 साली सुरू झालेल्या मुंबई ग्राहक पंचायतीत महिन्याचं सामान एकत्र मागवून, निवडून, वाटून घेणाऱ्या गृहिणीच पुढे होत्या. वजनात मारलं, भेसळ केली की दुकानदाराला जाब विचारायला बायका शिकल्या त्या अशाच. तीच सवय आता टीव्हीच्या आणि मोबाइलच्या दुकानात न्यायची आहे. तिथे गेलं की आपण गप्प होतो, नवऱ्याच्या नाहीतर मुलाच्या मागे उभ्या राहतो, "मला त्यातलं काय कळतं" म्हणतो. अहो, पैसे तर आपल्याच डब्यातले असतात!

म्हणून काउंटरवर तीन प्रश्न विचारायला शिका. इंटरनेटशिवाय ही वस्तू चालते का? अपडेट लागलं तर ते पेनड्राइव्हवरून घेता येतं का? आणि कंपनीने उद्या दुकान बंद केलं तर माझ्याकडे काय उरतं? दुकानदाराला उत्तर आलं नाही तर नाही. दहा बायकांनी विचारलं की तो कंपनीच्या माणसाला विचारेल. बिस्किटाच्या पुड्यावर वजन छापतात, तसं खेळाच्या खोक्यावर "दुरुस्तीसाठी इतकं इंटरनेट लागेल" हे मराठीत, ठळक छापलेलं असावं, अशी मागणी करायला काय हरकत आहे? फसवणूक झाली असं वाटलं तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा 1915 हा नंबर आहे. तो स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर, गॅसच्या नंबरशेजारी लिहून ठेवा.

आणि तोवर गावपातळीवर आपणच एक करू शकतो. वाचनालयात, ग्रामपंचायतीत, शाळेत, जिथे बरं नेट आहे तिथे महिन्यातून एक दुपार ठरवा. मुलांनी आपापली मशीनं, मोबाइल, पेनड्राइव्ह घेऊन यावं, एखाद्या जाणत्या कॉलेजच्या मुलीने त्यांना मदत करावी. खेळाचं निमित्त होईल, पण पोरंपोरी यंत्रातलं चार गोष्टी शिकतील, आणि त्यांच्या आयाही. कुणास ठाऊक, त्या दुपारी एखादी आजी आपला बंद पडलेला मोबाइल घेऊन येईल, एखादी सेविका तिचं अॅप. सगळ्यांचं दुखणं एकाच टेबलावर आलं की ते एकटीचं राहत नाही.